शिलोहाचा बुरूज आणि न्यूयॉर्कचे मनोरे

प्रायश्चित्तकाळातील तिसऱ्या रविवारी, तीन वर्षांतून एकदा, संत लूकच्या शुभवर्तमानातील तेराव्या अध्यायाचा आरंभ मिस्सामध्ये वाचला जातो. पिलाताने काही गालीलकरांची यज्ञ करीत असतानाच कत्तल केली, ही वार्ता लोक प्रभूला सांगतात. त्यावर प्रभू आपण होऊन दुसरी एक दुर्घटना पुढे ठेवतो. यरुशलेममधील शिलोहाचा बुरूज कोसळून अठरा माणसे चिरडली गेली होती. ती अठरा जणे शहरातील इतर रहिवाशांपेक्षा अधिक अपराधी होती असे तुम्हांला वाटते काय, असे तो विचारतो, आणि उत्तराची वाट न पाहता स्वतःच नकार देतो. मग मृतांकडे वळलेली ऐकणाऱ्यांची नजर तो त्यांच्या स्वतःच्या अंतःकरणाकडे वळवतो. एक घटना मनुष्याच्या क्रौर्याची, दुसरी दगडविटांच्या पडझडीची. प्रभूने दोहोंना एकच उत्तर दिले, हे ध्यानात घेण्याजोगे आहे.

११ सप्टेंबर २००१ रोजी न्यूयॉर्क येथील वर्ल्ड ट्रेड सेंटरचे दोन मनोरे कोसळले, तेव्हा आम्हांला हा अध्याय आठवायला हवा होता. त्या दिवशी क्रौर्य आणि कोसळता बुरूज ही दोन्ही एकत्र आली होती. प्रत्यक्षात आठवला तो उत्पत्तीचा अकरावा अध्याय. आकाशाला भिडू पाहणारा बुरूज, आपले नाव अजरामर करू पाहणारी माणसे आणि परमेश्वराने केलेली त्यांची पांगापांग! त्या दिवसांत बाबेलचे नाव पुष्कळांच्या ओठी होते. श्रीमंतांचा माज उतरला, देवाने हिशेब चुकता केला, असे म्हणणारे भाविक आम्ही आपल्याच लोकांत ऐकले. आणि तो विचार आमच्या मनाला शिवलाच नाही असे म्हटले तर ते खरे होणार नाही. त्याची शहानिशा करणे आम्हांला अगत्याचे वाटते.

ते मनोरे खरोखरच बाबेलचे होते काय? त्यांचा शिल्पकार मिनोरू यामासाकी हा जपानी स्थलांतरितांचा सिएटलमध्ये जन्मलेला मुलगा. गंमत अशी, की जगातील सर्वांत उंच इमारत उभारण्याचे काम ज्याच्या हाती आले, त्यालाच उंचीचे भय वाटे. म्हणून त्याने खिडक्या जेमतेम अठरा इंच रुंदीच्या ठेवल्या. आत उभ्या असलेल्या माणसाला दोन्ही बाजूंच्या खांबांचा आधार वाटावा हा हेतू. राष्ट्राराष्ट्रांतील व्यापार शांततेला पोषक ठरतो अशी त्याची श्रद्धा होती आणि या वास्तूकडे तो जागतिक शांततेचे प्रतीक म्हणून पाहत असे. एकशे दहा मजल्यांचा आणि जगातील सर्वाधिक उंचीचा आग्रह बंदराचा कारभार पाहणाऱ्या प्राधिकरणाचा होता. १३६८ फूट उंचीचा उत्तर मनोरा आणि त्याहून सहा फुटांनी ठेंगणा दक्षिण मनोरा यांचे समारंभपूर्वक उद्घाटन ४ एप्रिल १९७३ रोजी झाले, आणि त्याच वर्षी शिकागोचा सिअर्स टॉवर त्यांच्याही वर गेला. मानवी थोरवीचे आयुष्य एवढेच!

तेव्हा उंचीत पाप शोधणाऱ्यांच्या हाती फारसे काही लागत नाही. पायाकडे पाहिले तर मात्र मन अस्वस्थ होते. जिथे हे मनोरे उभे राहिले, तिथे कोर्टलँट रस्त्याच्या आसपास १९२० च्या दशकापासून रेडिओ व त्यांचे सुटे भाग विकणाऱ्या छोट्या दुकानदारांची पेठ होती. 'रेडिओ रो' असे तिचे नाव. प्रकल्पासाठी ही पेठ पाडण्याचे ठरले. दुकानदार न्यायालयात गेले. व्यापारी संकुल बांधण्यासाठी एका नागरिकाची जागा घेऊन दुसऱ्याला देणे हे सार्वजनिक हित कसे, असा त्यांचा प्रश्न होता. १९६३ मध्ये न्यूयॉर्क राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने प्राधिकरणाच्या बाजूने कौल दिला. जागेचे मालक नसलेल्या, भाड्याने धंदा करणाऱ्या दुकानदारांच्या हाती साधारण तीन हजार डॉलर टेकवण्यात आले. आयुष्यभर जोडलेले गिऱ्हाईक त्या रकमेत कसे बसावे? १९६६ मध्ये दुकाने जमीनदोस्त झाली. 'सार्वजनिक हित' हे शब्द कोणाच्या दारात कोणत्या कागदावर येतात, हे आपल्याकडील वाचकांना आम्ही समजावून सांगण्याची गरज नाही.

हा अन्याय होता असे आमचे मत आहे. पण त्याची किंमत पस्तीस वर्षांनंतर कोणी मोजली? वर्ल्ड ट्रेड सेंटरमध्ये मारले गेलेल्यांत ती पेठ पाडण्याचा हुकूम देणारे नव्हते. उत्तर मनोऱ्याच्या माथ्यावरील उपाहारगृहात सकाळची न्याहारी मांडणारे सत्तरहून अधिक कर्मचारी होते. त्यांतील कितीतरी जण पोटासाठी दूरदेशांहून आलेले. जिने चढून वर निघालेले अग्निशमन दलाचे ३४३ जवान होते. न्यूयॉर्कमधील २७५३ मृतांमध्ये नव्वदांहून अधिक देशांचे लोक होते, भारतीयही होते. मृतांच्या यादीत पहिल्या क्रमांकावर नोंद झाली ती फादर मायकल जज या फ्रान्सिस्कन धर्मगुरूंची. ते अग्निशमन दलाचे आध्यात्मिक पालक होते. जवानांनी त्यांचा देह उचलून जवळच्या बार्कले रस्त्यावरील संत पीटर चर्चमध्ये नेला आणि वेदीसमोर ठेवला. बाबेलच्या गोष्टीत या माणसांना कोणत्या ओळीत बसवावे?

याच मनोऱ्यांवर पहिला घाव पडला तो २६ फेब्रुवारी १९९३ रोजी. तळघरातील वाहनतळावर बॉम्ब फुटला आणि सहा जण ठार झाले. बरोबर चौदा दिवसांनी, १२ मार्च रोजी, मुंबईच्या शेअर बाजाराच्या उंच इमारतीखाली तसाच स्फोट झाला. दिवस मावळेपर्यंत शहरात ठिकठिकाणी स्फोट होऊन एकूण २५७ माणसे प्राणास मुकली. तेथेही पैशाचा व्यवहार चालत होता, इमारतही गगनचुंबीच होती. तरीही आपल्यापैकी कोणी मुंबईच्या त्या मृतांवर बाबेलचा अध्याय लावला नाही. ती आपली माणसे होती. परक्यांच्या मरणावर निवाडा सांगणे किती सोपे असते, याचा आम्हांला तरी याहून स्पष्ट पुरावा नको.

निवाड्याच्या या मोहाचे आणखी एक रूप आहे, आणि पापनिवेदन ऐकणाऱ्या धर्मगुरूला ते टाळता येत नाही. उत्तर मनोऱ्यात विमान घुसले त्या मजल्यांवरचे तिन्ही जिने तुटले होते. आग आणि धूर असह्य होऊन अनेकांनी खिडक्यांतून खाली उड्या घेतल्या. ही आत्महत्या झाली काय, असा प्रश्न आम्हांला विचारला गेला आहे. विचारणाऱ्यांच्या आवाजात कुतूहलापेक्षा भीती अधिक असते. बहुधा त्यांच्या स्वतःच्या घरातील एखादे जुने दुःख त्या प्रश्नामागे उभे असते. न्यूयॉर्कच्या वैद्यकीय परीक्षकांनी त्यांच्यातील एकाचीही नोंद आत्महत्या अशी केली नाही. इतर बळींप्रमाणेच त्यांचाही वध झाला, असे मानले. नीतिशास्त्र याहून वेगळे काय सांगणार? आगीपासून दूर जाणारा माणूस मरणाची इच्छा करतो असे म्हणता येत नाही. तो श्वास शोधत असतो. आणि ज्यांनी खरोखरच स्वतःचे प्राण घेतले, त्यांच्याविषयीदेखील १९९२ चा कॅथलिक धर्मशिक्षणग्रंथ सांगतो, की तीव्र भीती व यातना माणसाची जबाबदारी कमी करतात, आणि त्यांच्या तारणाविषयी आपण निराश होऊ नये. ज्या परमेश्वराकडे शेवटच्या क्षणासाठीही वाट आहे, त्याच्या वतीने दार लावून घेण्याचा अधिकार आम्हांला कोणी दिला?

मृतांचा निवाडा करण्याचा हक्क असा काढून घेतला, की मागे राहिलेल्यांपुढे त्यांचे स्वतःचे काम उरते. येथे ते काम सोळा एकर जागेच्या रूपाने उभे होते. ३० मे २००२ रोजी ढिगारा उपसण्याचे काम संपले आणि खडकापर्यंत गेलेला एक प्रचंड खड्डा शहराच्या मध्यभागी उघडा पडला. त्यावर अनेकांचा हक्क होता आणि प्रत्येकाचे म्हणणे ऐकण्यासारखे होते. हजाराहून अधिक कुटुंबांना आपल्या माणसाचा अंशही परत मिळाला नव्हता. त्यांच्या दृष्टीने ती कबर होती. मावळते महापौर रुडॉल्फ जुलियानी यांनी निरोपाच्या भाषणात तेथे केवळ स्मारक व्हावे असे सुचवले. पूर्वीचेच दोन मनोरे जसेच्या तसे उभारावेत, अन्यथा मारेकरी जिंकले असे होईल, असे सांगणारेही होते. लॅरी सिल्व्हरस्टीन या विकासकाने हल्ल्याच्या सातच आठवडे आधी संकुल ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने घेतले होते. भाडे भरायचे तर कचेऱ्या बांधणे त्यांना भाग होते. विमा कंपन्यांशी त्यांचा वर्षानुवर्षे दावा चालला. दोन विमानांचा हल्ला ही एक घटना की दोन, हा त्यातील वाद. कारण त्यावर भरपाई दुप्पट व्हायची की नाही ते अवलंबून होते. न्यायालयात असे प्रश्न विचारावे लागतात हे आम्हांला कळते. तरीही वाचताना जीव गुदमरतो.

तोडगा निघाला तो अगदी साधा होता. मनोरे ज्या दोन चौरसांवर उभे होते, तेवढ्या जागेवर काहीही बांधायचे नाही. जे बांधायचे ते त्यांच्या आजूबाजूला. गव्हर्नर जॉर्ज पटाकी यांनी २००२ मध्ये तसे वचन दिले. पुढल्या वर्षी डॅनियल लिबेस्किंड यांचा एकंदर आराखडा स्वीकारला गेला. लिबेस्किंड हे नाझींच्या छळातून वाचलेल्या ज्यू आईवडिलांचे पुत्र. त्यांनी हडसन नदीचे पाणी अडवून धरणारी जुनी पायाभिंत उघडी ठेवण्याचे सुचवले. वरचे सारे कोसळले तरी ती भिंत टिकली होती, म्हणून नदीचे पाणी आत शिरले नाही. नव्या मुख्य मनोऱ्याची उंची १७७६ फूट ठरली, कारण ते अमेरिकेच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचे वर्ष. ही कल्पना आम्हांला काहीशी बालिश वाटते. इतिहास फुटपट्टीने मोजायचा नसतो. हा मनोरा २०१४ मध्ये खुला झाला.

स्मारकासाठी ५२०१ आराखडे आले. निवड झाली ती शहराच्या गृहनिर्माण खात्यात नोकरी करणाऱ्या मायकल अराद या तरुणाची. वृक्षशिल्पकार पीटर वॉकर नंतर त्याला येऊन मिळाले. दोन्ही चौरसांच्या जागी तीस फूट खोल कुंडे आहेत. चारही बाजूंनी पाणी खाली पडते आणि मध्यभागी असलेल्या आणखी एका चौकोनी विवरात नाहीसे होते. त्याचा तळ काठावरून दिसत नाही. कठड्यावर कांस्यपत्र्यात नावे कोरली आहेत. १९९३ च्या सहा मृतांचीही आहेत. नावांना वर्णानुक्रम नाही. कोणाचे नाव कोणाशेजारी असावे हे कुटुंबांना विचारले गेले, आणि सुमारे बाराशे विनंत्या आल्या. भाऊ भावाजवळ, मित्र मित्राजवळ आले. गर्भवती स्त्रियांच्या नावापुढे 'आणि तिचे न जन्मलेले बालक' असे शब्द आहेत. कोणत्याही धर्माचे नसलेल्या त्या स्मारकाने उदरातील जिवाची गणना माणसांत केली, हे वाचून आमचे मन भरून आले.

अर्थात बाजारही परतला. सुमारे चार अब्ज डॉलर खर्चून बांधलेले पांढऱ्या पंखांसारखे रेल्वेस्थानक २०१६ मध्ये सुरू झाले आणि त्यात झगझगीत दुकाने आली. स्मारक-संग्रहालयाला तिकीट लावले, आत भेटवस्तूंचे दुकान काढले, तेव्हा काही कुटुंबे संतापली. त्यांचा संताप योग्य होता असे आम्हांला वाटते. कबरीच्या दाराशी स्मरणवस्तूंचा गल्ला नसावा. पण भोवतालच्या व्यापाराविषयी आम्ही तसे म्हणणार नाही. आपल्या चर्चच्या आवारातच कबरस्तान असते आणि सणाच्या दिवशी त्याच आवाराबाहेर खाजे-खेळण्यांची दुकाने लागतात. मृतांना त्याचा उपसर्ग होतो असे आपण कधी मानले नाही.

दक्षिण मनोऱ्याखाली संत निकोलस हे ग्रीक ऑर्थोडॉक्स पंथाचे एक चिमुकले चर्च गाडले गेले होते. परवानग्या, पैसा, वाद या साऱ्यांतून जाऊन ते नव्या जागी उभे राहिले आणि २०२२ मध्ये त्याचे अभिषेचन झाले. कोर्टलँट रस्त्यावरचे रेडिओवाले मात्र परत आले नाहीत.

पोप सोळावे बेनेडिक्ट २० एप्रिल २००८ रोजी तेथे गेले, तेव्हा यांतले फारसे काही उभे नव्हते. ते उतरणीने खड्ड्यात खाली गेले, गुडघे टेकून प्रार्थना केली आणि एक मेणबत्ती लावली. मृतांसाठी त्यांनी शांती मागितली, आजारी पडलेल्या बचावकर्त्यांसाठी आरोग्य मागितले. आणि ज्यांची अंतःकरणे द्वेषाने ग्रासली आहेत त्यांनाही प्रीतीच्या मार्गावर आण, असे मागणे त्यांनी परमेश्वरापाशी केले. निवाडा त्या प्रार्थनेत कोठेही नव्हता.

ओळख न पटलेले अवशेष १० मे २०१४ रोजी त्याच खडकाच्या पातळीवर, संग्रहालयातील एका भिंतीमागे ठेवण्यात आले. हे मान्य नसलेले काही नातेवाईक त्या दिवशी तोंडावर काळ्या पट्ट्या बांधून उभे होते. त्या भिंतीमागे सामान्य लोकांना प्रवेश नाही. कुटुंबांसाठी शेजारी एक खोली आहे आणि शहराचे वैद्यकीय तज्ज्ञ अवशेषांची तपासणी अजून करीत आहेत. ऑगस्ट २०२५ मध्ये, चोवीस वर्षांनंतर, आणखी तिघांची ओळख पटल्याचे त्यांनी जाहीर केले आणि तीन घरी तसा निरोप गेला. सुमारे अकराशे घरी तो जायचा होता.