पुसलेला निरोप

एखाद्याने आपल्याला निरोप लिहिला आणि क्षणभरात पस्तावून तो पुसून टाकला, तर तो वाचण्याचा हक्क आपल्याला उरतो काय?

कामणच्या आमच्या मशिदीत इशाच्या नमाजनंतर गाळ्यांत काम करणारे तरुण थोडा वेळ बसतात. त्यांतील काहींच्या मोबाइलमध्ये जीबी व्हॉट्सॲप आहे. ते प्ले स्टोअरवर मिळत नाही. कोणीतरी एपीके फाइल पाठवतो, मोबाइल धोक्याची सूचना देतो, आपण ‘परवानगी द्या’ दाबतो. मग इतरांनी पुसलेले निरोपही दिसू लागतात. “इमामसाहेब, यात गैर काय? कोणाचे पैसे तर घेतले नाहीत,” असे एकाने विचारले. मला चटकन उत्तर देता आले नाही, कारण वर्षभर ते माझ्याही मोबाइलमध्ये होते.

मूळ ॲपवर निर्मात्याची डिजिटल सही असते. ॲपमध्ये फेरफार केला की ती सही टिकत नाही. फेरफार करणारा आपली सही घालतो, आणि तो कोण हे आपल्याला ठाऊक नसते. २०२१ साली कॅस्परस्की या संस्थेला एफएमव्हॉट्सॲपच्या एका आवृत्तीत ‘ट्रायडा’ हा घातक प्रोग्राम सापडला. २०२३ साली अशाच बदललेल्या व्हॉट्सॲपमधून प्रामुख्याने अरबी आणि अझरबैजानी भाषिकांवर हेरगिरी होत असल्याचे तिने उघड केले. तो प्रोग्राम संपर्कयादी बाहेर पाठवी, आज्ञा येताच मायक्रोफोनही चालू करी.

ती संपर्कयादी कोणाची असते? माझ्या मोबाइलमध्ये जमातीतील भगिनींचे क्रमांक होते, घरगुती कलहाबाबत मसला विचारणाऱ्यांचे निरोप होते. त्यांनी विश्वास माझ्यावर टाकला होता, त्या अज्ञात माणसावर नव्हे. सूरह हुजुरातमध्ये हेरगिरीची मनाई आहे, हे मी मिंबरवरून कितीदा सांगितले असेल!

कोणी म्हणेल, निरोप मलाच पाठवला होता, म्हणजे तो माझाच झाला. अबू दाऊद आणि तिर्मिझी यांच्या संग्रहांत हजरत जाबिर (रजि.) यांच्याकडून एक हदीस आली आहे. तिचा आशय असा की, बोलता बोलता माणसाने आजूबाजूला वळून पाहिले, तर त्याचे ते बोलणे अमानत ठरते. ‘कोणाला सांगू नका’ असे त्याने म्हणण्याचीही गरज नाही. मान वळवणे पुरेसे आहे. मग ज्याने लिहिलेले स्वतःच्या हाताने पुसले, त्याची इच्छा याहून किती स्पष्ट! (धमकी किंवा फसवणुकीचा पुरावा ही बाब निराळी, तिथे पोलिसांकडे जावे. पैसे गेले असतील तर १९३० वर लगेच कळवावे.)

मी ते ॲप काढून टाकले. परंतु जे वाचले होते त्याचे काय? धाकट्या भावाने एका रात्री रागात मला काही लिहिले होते आणि लगेच पुसले होते. ते वाचून मी दोन महिने त्याच्याशी तुटक वागलो. तो बिचारा कारण शोधत राहिला. अखेर त्याच्या घरी जाऊन मी सारे सांगितले आणि माफी मागितली. तो बराच वेळ गप्प होता. मग त्याने एवढेच विचारले, “भाईजान, आणखी काय काय वाचलंत?”