जे कुणी विकतच नाही

"मामा, जे कुणी विकतच नाही, ते फुकट घेतलं तर चोरी कशी?"

भाच्याच्या या प्रश्नाने मी क्षणभर निरुत्तर झालो. त्याच्या संगणकावर काळ्या पडद्यावर उजळ रेषांचा खेळ रंगला होता. १९८२ साली अमेरिकेत विक्रीस आलेल्या 'व्हेक्ट्रेक्स' या यंत्रातला हा 'माइन स्टॉर्म'. १९८४ साली त्या यंत्राचे उत्पादन थांबले. पण जुन्या यंत्राची हुबेहूब नक्कल करणाऱ्या 'एम्युलेटर' नावाच्या आज्ञावलीमुळे त्याचे खेळ नव्या संगणकावर चालतात.

अशा आज्ञावलीचा मार्ग अमेरिकेतील अपील न्यायालयाने २००० साली 'सोनी' विरुद्ध 'कनेक्टिक्स' या खटल्यात बराचसा मोकळा केला. मात्र यंत्राची नक्कल वेगळी आणि खेळाची प्रत वेगळी. खेळ बाजारातून गेला, तरी त्यावरील हक्क संपत नाही. २०२३ सालच्या एका अभ्यासानुसार, अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी सुमारे ८७ टक्के तेव्हा बाजारात मिळत नव्हते. मग ते नष्ट होऊ द्यायचे काय?

भुकेल्याने उचललेल्या भाकरीला चोरी म्हणताना आपली जीभ अडखळते. पण खेळ म्हणजे भाकरी नव्हे. 'कुणाचे काय बिघडले?' हा युक्तिवाद सोयीचा आहे, आणि सोयीचा आहे म्हणूनच तो तपासून घ्यावा. आपल्या हौसेला 'जतन' हे भारदस्त नाव देणे सोपे असते.

व्हेक्ट्रेक्सची कथा मात्र निराळी आहे. तिचे हक्क पुढे तिचे निर्माते जे स्मिथ यांच्याकडे परत आले आणि नव्वदीच्या दशकात त्यांनी नफ्याविना प्रती करण्यास मुभा दिली. हे सांगताच भाचा हसला, "म्हणजे मी चुकलोच नाही!"

"कृती निर्दोष ठरली," मी म्हणालो, "पण ती योगायोगाने. मुभा आहे की नाही, हे तू विचारलेच नव्हतेस."

वाचकहो, हक्क दोन्ही बाजूंनी बांधतो. घेणाऱ्याने आधी विचारावे. आणि जो विकतही नाही व देतही नाही, त्यानेही आपल्या मनाला विचारावे, की आपल्या मौनाने नेमके कशाचे रक्षण होते आहे? स्मिथ यांच्या एका होकाराने एक नामशेष यंत्र जिवंत राहिले, आणि एका मुलाचा खेळ निष्पाप ठरला.