माया डेरेन आणि स्वस्त सिनेमाची किंमत

1943 साली लॉस एंजेलिसमधल्या राहत्या घरात माया डेरेन आणि तिचा नवरा अलेक्झांडर हामिद यांनी ‘मेशेस ऑफ द आफ्टरनून’ हा जेमतेम 14 मिनिटांचा मूकपट केला. वडिलांच्या पश्चात मिळालेल्या पैशांतून घेतलेला 16 मिमीचा कॅमेरा, सेट नाही, स्टुडिओ नाही. नायिका मायाच. त्यातली एक जागा मला फार मोलाची वाटते. हातात सुरी घेऊन ती खुर्चीतून उठते आणि चालू लागते. एक पाऊल वाळूत पडतं, पुढचं गवतात, मग फरसबंदीवर, मग दिवाणखान्यातल्या गालिच्यावर. समुद्रकिनाऱ्यापासून घरापर्यंतचं अंतर काही पावलांत सरतं, आणि तेही केवळ संकलनाच्या जोरावर. हॉलिवूड लिपस्टिकवर जेवढा खर्च करतं तेवढ्यात माझे चित्रपट होतात, असं ती सांगे.

पुढच्याच वर्षीच्या ‘ॲट लँड’मध्ये लाटांनी किनाऱ्यावर टाकलेली ती वाळलेल्या ओंडक्यांवरून वर चढते, आणि डोकं वर काढते ते थेट मेजवानीच्या लांबलचक टेबलावर. पाहुण्यांच्या गप्पा चालूच, आणि ती त्यांच्यामधून पोटावर सरपटत पुढे जाते. कुणी तिच्याकडे बघतही नाही. संवादाचा एक शब्द न वापरता एका बाईचं परकेपण इतक्या थेटपणे क्वचितच कुणी दाखवलं असेल. इथे तिचा अभिनय म्हणजे हावभाव नव्हेत. सगळं शरीरच बोलतं.

पण अशा कामाचं कौतुक करताना आपण फार लवकर पैशाच्या चणचणीलाच प्रतिभेचं श्रेय देऊन मोकळे होतो. मला ते पटत नाही. चित्रपट कमी पैशांत झाला तरी तो लोकांपर्यंत न्यायला पैसा लागतो, माणसं लागतात, आणि मायाकडे दोन्ही नव्हतं. 1946 मध्ये तिने न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधलं प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस भाड्याने घेऊन आपले चित्रपट स्वतःच दाखवले. व्याख्यानं दिली, लेख लिहिले, विद्यापीठांत रिळं घेऊन फिरली. ते खेळ पाहूनच अमोस व्होगेलला ‘सिनेमा 16’ ही फिल्म सोसायटी काढण्याची प्रेरणा मिळाली. चित्रपट करता करता तिला त्याचा प्रेक्षकही घडवावा लागला, आणि या दुसऱ्या कामाची मजुरी कुणी दिली नाही.

1946 मध्येच तिला गुगेनहाइम पाठ्यवृत्ती मिळाली. पुढच्या वर्षापासून ती हैतीला जाऊ लागली. तिथल्या व्होडू विधींचं तिने हजारो फूट चित्रीकरण केलं, 1953 मध्ये त्यावर पुस्तकही लिहिलं. चित्रपट मात्र पुरा झाला नाही. 1961 मध्ये, वयाच्या 44व्या वर्षी, ती गेली. पुढे तिचा नंतरचा नवरा, संगीतकार तेइजी इतो, आणि त्याची नंतरची बायको शेरेल इतो यांनी ती रिळं जुळवली. त्या चित्रपटात निवेदकाचा आवाज सोबत चालतो, दिसतंय त्याचा अर्थ सांगत. मायाच्या हातून जुळणी झाली असती, तर तो आवाज तिने ठेवला असता असं मला मुळीच वाटत नाही.