वायर पुरेल तिथवर

एका गल्लीत एक बाई राहायची. सिनेमे करायची. त्या वेळी तिचा मुलगा जेमतेम दोन वर्षांचा होता. चित्रीकरणाला परगावी जायचं तर पोराला कुणावर टाकायचं? आणि घरीच बसायचं तर हातचं काम जातं. बरेच दिवस तिच्या जिवाची ओढाताण झाली.

मग एके दिवशी तिनं चित्रीकरणासाठी आपल्या घरच्या मीटरला एक लांब वायर जोडली आणि ती दाराबाहेर काढली. ठरवून टाकलं, ही वायर पुरेल तिथवरच जायचं. एक पाऊलही पुढं नाही.

वायर पुरली ती शेजारच्या दुकानांपुरती. बेकरीवाला, खाटीक, शिंपी, घड्याळजी, न्हावी. ही रोजच्या देण्याघेण्यातली माणसं. ती त्यांच्या दुकानात कॅमेरा घेऊन नुसती थांबू लागली. गिऱ्हाईक येई, पाव घेई, सुटे पैसे मोजी, जाई. कॅमेरा बघत राही. मग ती एकेकाला विचारी, गाव कुठलं? बायको कशी भेटली? रात्री स्वप्नं कसली पडतात? काही म्हणाले, स्वप्नातसुद्धा कामच दिसतं.

एक दुकान अत्तराचं होतं. म्हातारा अत्तर मिसळून छोट्या बाटलीत भरायचा, सावकाश, हात हलू न देता. म्हातारी जवळच उभी असायची. फारसं बोलायची नाही. तिचं मन कुठंतरी हरवत चाललं होतं. दिवेलागण झाली की ती दाराशी जायची, आत्ता निघायचंय अशी. काचेतून बाहेर बघायची. जायची मात्र कुठंच नाही. बाईनं तिला काही विचारलं नाही, हटकलं नाही. म्हातारी दारात उभी होती तोवर तीही थांबली.

ही गोष्ट खरी आहे, पॅरिसची. गल्लीचं नाव ऱ्यू दागेर. छायाचित्रणाच्या आद्य संशोधकांपैकी एक असलेल्या दागेरच्या नावाची ही गल्ली. बाई म्हणजे आन्येस वार्दा, आणि 1975च्या सुमाराला केलेला तो माहितीपट म्हणजे ‘दागेरोतीप’. मला वाटतं, वायर आणखी लांब असती तर बाई अत्तराच्या दुकानावरून पुढं निघून गेली असती. पुढं जाताच येत नाही म्हटल्यावर ती थांबली, आणि वर्षानुवर्षं जिच्याकडून वस्तू घेतल्या त्या म्हातारीकडे पहिल्यांदा इतका वेळ बघत बसली. जवळच्या माणसाला असा वेळ आपण कधी देतो?

2019 साली वार्दा गेली, तोवर ती त्याच गल्लीत राहिली.

त्या वायरीला ती नाळ म्हणायची. एका टोकाला कॅमेरा होता. दुसरं टोक घरात होतं, तिच्या पोरापाशी.