भिंतीवरची गिटार

न गायलेल्या गाण्याचे ऋण कोणावर चढते? प्रश्न थोडा विचित्र वाटेल. गायलेल्या गाण्याचा हिशेब त्या मानाने सोपा. कोणी रचले, चाल कोणाची, पैसे कोणाला मिळाले, हे सारे कागदावर येते आणि त्यावरून भांडताही येते. पण एखाद्याच्या बोटांत गाणे असून ते वर्षानुवर्षे बाहेरच पडले नाही, तर दाद कोणाकडे मागायची? अमेरिकेतील लोकगायिका आणि गिटारवादक एलिझाबेथ कॉटन हिचे आयुष्य वाचताना मी दर वेळी याच प्रश्नापाशी येऊन अडते.

तिची गोष्ट लोक परीकथेसारखी सांगतात. आधी तशीच सांगते.

नॉर्थ कॅरोलायना राज्यातील कारबरो या छोट्या गावी 1893 साली एका काळ्या कुटुंबात तिचा जन्म झाला. शाळा लवकर सुटली आणि पोर दुसऱ्यांच्या घरी कामाला लागली. पगार महिना 75 सेंट. त्यातून साठवून तिने 3 डॉलर 75 सेंटची गिटार घेतली. म्हणजे पाच महिन्यांची पुरी मजुरी एका लाकडी पेटीत घातली. ती डावखुरी होती. गिटार मात्र उजव्या हाताच्या माणसांसाठी तारा लावलेली. तारा उलट्या क्रमाने बदलून घेण्याऐवजी तिने वाद्यच उलटे धरले. त्यामुळे खर्जाच्या तारा खाली गेल्या आणि वरच्या पट्टीच्या तारा वर आल्या. इतर वादक अंगठ्याने खर्ज देतात आणि बोटांनी चाल वाजवतात. ही बोटांनी खर्ज देऊ लागली आणि अंगठ्याने चाल. शिकवायला कोणी नव्हते, म्हणून ‘असे करू नये’ असे सांगायलाही कोणी नव्हते. पुढे या वादनपद्धतीला तिच्याच आडनावाने ओळखू लागले. घराजवळून रेल्वे जात असे. अकरा-बारा वर्षांची असताना तिने त्या मालगाडीवर एक गाणे रचले, ‘फ्रेट ट्रेन’. टिळकवाडीच्या रेल्वे गेटपाशी उभे राहून मालगाडीचे डबे मोजण्यात ज्यांचे बालपण गेले त्यांना त्या वयाची ती ओढ निराळी समजावून सांगायला नको.

सतराव्या वर्षाच्या आसपास लग्न झाले, मुलगी झाली. चर्चमधल्या मंडळींनी सांगितले की हे ऐहिक गाणेबजावणे सोडून दे. तिने सोडले. चर्चमध्ये प्रसंगाने काही वाजवले असेल तेवढेच. मधली वर्षे कोणी पंचवीस सांगतो, कोणी चाळीस. त्या वर्षांची नीट मोजदादही कोणी ठेवलेली नाही, हे मला फार बोलके वाटते.

पुढे नवऱ्यापासून विभक्त होऊन ती वॉशिंग्टनला आली आणि एका मोठ्या दुकानात नोकरीला लागली. तिथे एके दिवशी एक चुकलेली मुलगी तिला सापडली. तिने ती आईच्या हवाली केली. मुलगी होती पेगी सीगर आणि आई रूथ क्रॉफर्ड सीगर. रूथ स्वतः संगीतरचनाकार, तिचा नवरा चार्ल्स सीगर संगीताचा मोठा अभ्यासक, आणि पीट सीगर हा चार्ल्सचा आधीच्या लग्नाचा मुलगा. रूथने एलिझाबेथला घरकामाला ठेवून घेतले. घरातल्या धाकट्या मुलीने तिला ‘लिबा’ हाक मारायला सुरुवात केली आणि तेच नाव राहिले. त्या घरात भिंतीवर गिटार टांगलेली असे. कोणी नसताना ती काढून लिबा वाजवू लागली आणि एक दिवस पेगीने ते ऐकले. पेगीच्या भावाने, माइकने, ध्वनिमुद्रण केले, 1958 साली फोकवेज कंपनीने तबकडी काढली, आणि 1960 मध्ये, वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी, लिबा प्रथमच तिकीट काढून आलेल्या श्रोत्यांसमोर बसली. 1984 मध्ये तिला राष्ट्रीय वारसा सन्मान मिळाला, 1985 मध्ये नव्वदी ओलांडल्यावर ग्रॅमी पुरस्कार. 1987 साली ती वारली. 2022 मध्ये रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्येही तिचे नाव लागले.

परीकथा इथे संपते आणि माझी कुरबुर सुरू होते.

ते पोर त्या दिवशी चुकले नसते तर? किंवा ते एखाद्या वकिलाचे, दलालाचे पोर असते तर? मग लिबा त्यांच्या घरी तितक्याच निगुतीने चादरी घडी करत राहिली असती आणि ‘फ्रेट ट्रेन’ तिच्याबरोबर मातीत गेले असते. त्या काळी वॉशिंग्टनमध्ये गोऱ्यांच्या घरी राबणाऱ्या काळ्या बायका किती असतील! त्यांतल्या एकीच्या भिंतीवर गिटार होती. आपण तिची गोष्ट ऐकून डोळे पुसतो आणि ‘खरा गुण लपून राहत नाही’ असे म्हणून मोकळे होतो. पण तो तर पंचवीस का चाळीस वर्षे उत्तम लपून राहिला होता! जो सापडला त्याच्याच साक्षीवरून आपण हा निवाडा देतो. जे सापडले नाहीत त्यांना साक्षीला बोलवायची सोय नाही.

आता चर्चचे. चर्चवर सगळा दोष टाकणे सोपे आहे, पण मला ते पटत नाही. तिच्या हातून गिटार कोणी हिसकावून घेतली नव्हती. श्रद्धेने केलेला त्याग हाही माणसाचा हक्क आहे. आपल्याकडे भजनापुढे लावणीला कमी लेखून किती गळ्यांनी वाट बदलली ते आपण जाणतो. तरीही तिच्यासमोर पर्याय किती होते? संसार, मूल, दुसऱ्यांची धुणी आणि रविवारचे चर्च. यांतली एकमेव जागा, जिथे तिला माणूस म्हणून मान होता, तीच जागा गिटार सोड म्हणत होती. अशा वेळी ‘तिने आपखुशीने सोडले’ हे वाक्य खोटे नसते, पण पुरे खरेही नसते.

आमच्या शहापूरच्या गल्लीत एक काकू होत्या. माहेरी बाजाची पेटी वाजवायच्या म्हणे. सासरी पेटी आली ती पोटमाळ्यावर गेली. कोणी नको म्हटले नव्हते. ‘अगं, वेळच कुठं होता!’ एवढेच त्या म्हणायच्या, आणि ते हसून म्हणायच्या. त्या हसण्याला समाधान म्हणायचे की आणखी काही, हे मला अजून ठरवता आलेले नाही.

सीगरांच्या घराची आणखी एक बाजू आहे, आणि ती लिबाच्या गोष्टीत क्वचित सांगितली जाते. त्या घराची मालकीण रूथ ही विसाव्या शतकातील अमेरिकेच्या धाडसी रचनाकारांपैकी एक. संगीतरचनेसाठी गुगेनहाइम शिष्यवृत्ती मिळवणारी ती पहिली स्त्री, आणि तिची 1931 ची तंतुवाद्य-चौकडी आजही अभ्यासली जाते. लग्नानंतर, चार मुले आणि लोकगीतांचे लेखन-संपादन यांत तिची स्वतंत्र रचना जवळजवळ थांबली. ध्वनिमुद्रिका पुन्हा पुन्हा ऐकून ती दूरच्या खेड्यांतली गाणी स्वरलेखनात उतरवीत असे. स्वतःच्या रचनेकडे ती 1952 साली परतली, आणि 1953 मध्ये कर्करोगाने गेली. म्हणजे एकाच छपराखाली दोन बायकांची वाद्ये मुकी होती! एकीने आपले संगीत बाजूला ठेवून लोकांची गाणी टिपली, आणि ज्यांची गाणी टिपायची त्यांतलीच एक तिथे स्वयंपाक करत होती. दोघींचे मौन मी एका तराजूत घालणार नाही. मालकिणीला शिक्षण होते, नाव होते, परतायला वाट होती. पण घरकामाने एक बाई दुसरीला मोकळी करते आणि तरीही दोघींपैकी कोणीच पुरती मोकळी होत नाही, हे त्या घरात दिसते.

मराठी वाचकाला इथे जनाबाई आठवणारच. नामदेवांच्या घरी राबणारी, अभंगांत स्वतःला नामयाची दासी म्हणवणारी, आणि जिचे अभंग नामदेवांच्या गाथेच्या आश्रयाने आपल्यापर्यंत पोहोचले ती. (मी लिबाला ‘ती’ म्हणते आहे ते आपण जनीला म्हणतो त्याच नात्याने.) जनीला जाते सोडावे लागले नाही; दळताना गाणे हा आपल्या बायकांना मिळालेला एक परवाना होता. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी खेडोपाडी हिंडून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. पिठाची गिरणी आली, हातांचे कष्ट वाचले हे चांगलेच झाले, पण परवानाही त्याबरोबर गेला. त्याचे काय करायचे, हे मला सांगता येत नाही. जाते परत आणा असे म्हणणाऱ्याने आधी ते स्वतः ओढावे.

‘फ्रेट ट्रेन’चे काय झाले तेही सांगायला हवे. पेगीने ते गाणे इंग्लंडला नेले. तिथे दोन इंग्रजांनी ते आपल्या नावावर नोंदवले आणि 1957 साली चास मॅकडेविटच्या चमूबरोबर नॅन्सी व्हिस्कीने गायलेले ते गाणे विक्रीच्या यादीत पहिल्या पाचांत गेले. ज्या बाईने ते पोरवयात रचले ती तेव्हा दुसऱ्याच्या घरी भांडी घासत होती. सीगर कुटुंबाने खटपट केली, तडजोड होऊन तिचे नाव लागले. मात्र ते दोघेही वाटेकरी म्हणून राहिले. ही चोरी निदान दिसण्याजोगी होती. तिला तारीख होती, माणसे होती, कागद होता, म्हणून थोडी तरी भरपाई झाली. मधल्या वर्षांचा खटला चालवायला असे काहीच हाताशी नाही. प्रतिवादी म्हणून उभे करायचे कोणाला? नवऱ्याला, पाद्र्याला, की जिने 75 सेंट दिले त्या मालकिणीला? त्यांच्यापैकी कोणालाही विचारले असते तर आपण काय वाईट केले हे त्याला कळलेही नसते. माझ्या मते अन्यायाची ही जात जास्त घातकी आहे. तिच्यात कोणाचा हात रंगत नाही.

‘कष्टांनीच तिचे गाणे खोल झाले’ असेही काही जण म्हणतात. हे मात्र मला मुळीच मान्य नाही. खोलवर असलेले ते गाणे तिने बाराव्या वर्षीच रचले होते. त्याला पुढच्या कष्टांची गरज नव्हती.

कार्यक्रमांच्या कमाईतून तिने न्यूयॉर्क राज्यातील सिरॅक्यूज येथे स्वतःचे घर घेतले. 1967 साली तिची आणखी एक तबकडी आली होती, ‘शेक शुगरी’. त्यातल्या त्याच नावाच्या गाण्याची कडवी तिच्या पतवंडांनी रचली. तबकडीवर ते गाणे म्हटले आहे तिच्या पणतीने, आणि लिबा बाजूला बसून गिटार वाजवते आहे. पणती तेव्हा बारा वर्षांची होती.