गोदीत पाणी येतं

इथे बसा. उतारावर, सावली बघून.

समोर वाघोटनची खाडी आहे. खाडीच्या मुखाशी विजयदुर्ग. तिथून थोडं आत, गिर्ये गावच्या हद्दीत, किनारा एका ठिकाणी आत वळतो. तिथे एक मोठा खळगा आहे, खडक खोदून आणि दगड रचून माणसांनी केलेला.

लांबी सुमारे 109 मीटर. तोंडाशी रुंदी सुमारे 70.

ही मराठा आरमाराची गोदी.

आत्ता ती रिकामी आहे. चिखल, आणि मधे साचलेलं थोडं पाणी. काही नाही म्हणून नजर काढून घेऊ नका. आज आपल्याला एवढंच करायचं आहे, या खळग्याकडे पाहत राहायचं.

श्वास आत घ्या. सोडा.

सुकती आहे. पाणी दूर खाडीत उतरलं आहे. चिखलाला वास येतो, खारा, थोडा कुबट. येऊ द्या. चिखलात बारीक बारीक भोकं आहेत. एका भोकातून खेकडा वर येतो. तुमची सावली हलते, तो आत जातो.

हलू नका. तो पुन्हा येईल.

आता पाणीही येईल.

ते लाटेसारखं धावत येत नाही. आधी चिखलातली एक रेघ चमकते. मग तिच्या शेजारची. पाणी चढताना दिसत नाही. मघाशी कोरडा असलेला दगड आता कोरडा नाही, एवढंच कळतं.

एक दगड निवडा. कुठलाही. त्याच्यावर नजर ठेवा.

सुकतीपासून भरतीपर्यंत सहा तासांहून थोडा अधिक वेळ जातो. तीनशे वर्षांपूर्वीही तेवढाच जात होता. या गोदीची सगळी करामत त्या वेळात आहे. भरतीला जहाज तरंगत आत घ्यायचं. सुकतीला पाणी त्याच्या खालून निघून जायचं, जहाज टेकूंवर बसायचं. एरवी कुणाला न दिसणारं त्याचं पोट उघडं पडायचं.

पाण्यानेच उचलायचं आणि पाण्यानेच ठेवून जायचं. माणसांनी वेळेवर हजर राहायचं.

पुन्हा श्वास. आत येतो तेव्हा भरती. बाहेर जातो तेव्हा सुकती. मधे एक क्षण दोन्ही नसतं. तिथे थोडं रेंगाळा.

आता या रिकाम्या जागेत एक जहाज येऊ द्या.

गुराब. दोन डोलकाठ्यांची. दीडशे टनांच्या आसपास. तीन डोलकाठ्यांच्या गुराबा तीनशे टनांपर्यंत जायच्या, पण आपल्याला ही मधली पुरे.

तिची नाळ पाहा. लांब, पुढे सरकलेली, पाण्याजवळ झुकलेली. विलायती जहाजासारखी उंच उठलेली नाही. नाळेच्या मागे दोन तोफा, तोंडं सरळ पुढे. तळ रुंद. फार खोल न बसणारी. म्हणून ती खाडीत शिरू शकते, आणि तिच्या मागे लागलेलं जड जहाज बाहेरच थांबतं.

तिच्या जवळ जा. मनाने.

हात लावा. साग. ओला आहे, गार आहे. फळीला फळी भिडली आहे तिथे बोट फिरवा. फटीत तेला-राळेत माखलेला कापूस ठासून भरला आहे. ज्या हाताने तो भरला त्याचं नाव कुठल्याही बखरीत नाही.

ऐका. वाकस लाकडावर पडतं. थांबतं. पुन्हा पडतं. दुसरीकडून हातोडीचा आवाज. कुणीतरी राळ तापवतं आहे, धुराचा वास येतो. पाण्याखाली लाकडात शिरलेली कीड सुतार नखाने टोकरून बघतो. बोलत नाही. त्याला उजेड आहे तोवर आणि पाणी परत येईल तोवर काम उरकायचं आहे.

त्याच्या हातांकडे पाहा. घाई आहे, पण हात घाईत नाहीत.

आता आणखी एक लाकूड डोळ्यांपुढे आणा. या गुराबेत नसलेलं.

रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमारावर वेगळं प्रकरण आहे. गड, गलबतं, तोफा यांच्या मधेच तिथे झाडांचा विषय निघतो. सागासारखं लाकूड राज्यातल्या वनांतून परवानगीने तोडावं. आंबा-फणस आरमाराच्या उपयोगाचे खरे, पण त्यांना हात लावू देऊ नये. ती झाडं वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत, रयतेने ती पोटच्या पोरासारखी वाढवलेली असतात. एखादं झाड अगदी जीर्ण झालंच, तर धन्याला राजी करून, पैसे देऊन मगच घ्यावं.

लढाईच्या कामाला निघालेला राज्यकर्ता परसातल्या फणसापाशी थबकतो. मला आरमाराच्या सगळ्या इतिहासात ही जागा सर्वांत मोठी वाटते. विजयांपेक्षाही.

तेव्हा तो फणस पाहा. कोकणातल्या कुठल्याही घरामागचा. बुंध्याला लगडलेली फळं. खाली पाचोळा. कुणीतरी म्हातारी अंगण झाडते आहे. झाड उभं आहे.

त्याच्यापाशी हवं तेवढं थांबा.

श्वास घ्या.

मागचा काळ थोडा पाहू, मान न वळवता. 1657 च्या अखेरीस कल्याण-भिवंडी शिवाजी महाराजांच्या हाती येते. तिथल्या खाडीत जहाजं बांधायला सुरुवात होते. बांधणाऱ्यांत पोर्तुगीज कारागीर आहेत, त्यांतला एक रुय लैतांव व्हिएगश. पोर्तुगीजांच्या लक्षात येतं, मग ते कारागीर निघून जातात. काम थांबत नाही. नोव्हेंबर 1664 मध्ये मालवणच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाची पायाभरणी होते. 1665 च्या फेब्रुवारीत महाराज स्वतः जहाजावर चढून बसरूरवर जातात. इंग्रजांच्या कागदांत आकडा आहे: लहान 85, मोठी तीन.

मोजू नका. फक्त एवढी शिडं एका सकाळी एका पाण्यावर कशी दिसली असतील, ते पाहा.

आणि आता वारा पडू द्या.

पूर्ण पडू द्या. शीड लोंबतं. दोर ढिला होतो. समुद्र तेल ओतल्यासारखा सपाट.

दूर एक विलायती जहाज आहे. उंच, भक्कम, दोन्ही बाजूंना तोफांच्या रांगा. वारा नाही म्हणून जागेवर खिळलेलं. त्याला वळताही येत नाही.

आपल्या गुराबेच्या पुढे गलबतं येतात. सत्तर टनांच्या आतली, हलकी. प्रत्येकाला चाळीस-पन्नास वल्ही. दोर फेकला जातो, बांधला जातो. गलबतं गुराबेला ओढू लागतात.

वल्हं पाण्यात. श्वास आत.

वल्हं मागे. श्वास बाहेर.

पुन्हा. पाण्यात. मागे.

कोळी, भंडारी, गाबीत, दालदी. खांद्याला खांदा. कुणी बोलत नाही. एक लय सगळ्यांना माहीत आहे. पाण्यात. मागे. हळूहळू गुराब त्या मोठ्या जहाजाच्या पिछाडीला येते, जिथे त्याच्या तोफा पोचत नाहीत. नाळेवरच्या तोफा आधी डोलकाठ्यांवर आणि शिडांवर सुटतात.

तोफेचा आवाज आज येऊ देऊ नका. तिथे जायचं नाही. वल्ह्यापाशी राहा.

पाण्यात. मागे.

1679 मध्ये खांदेरीच्या भोवती इंग्रजांनी हेच पाहिलं. मोठी जहाजं वेढा घालून उभी, आणि रात्री छोट्या होड्या त्यांच्या मधून रसद घेऊन बेटावर पोचलेल्या. पुढे कान्होजी आंग्रे सरखेल झाले आणि हीच तऱ्हा त्यांनी कोकणभर पक्की केली. 1717 मध्ये इंग्रज विजयदुर्गावर आले, 1718 मध्ये खांदेरीवर. 1721 मध्ये इंग्रज आणि पोर्तुगीज मिळून कुलाब्यावर आले. 1724 मध्ये डच विजयदुर्गावर. चारही वेळा परत गेले.

इतिहासाची पुस्तकं कान्होजींना चाचा म्हणत राहिली. ज्यांच्या जहाजांकडे दस्तक, म्हणजे समुद्रात फिरण्याचा परवाना, मागितला जात होता, त्यांची ती पुस्तकं. असो.

वल्ही आता खाली ठेवा. हात मोकळे सोडा. खांदे सैल करा.

पाणी किती वर आलं? तुमचा दगड पाहा. असेल तर असू दे. नसेल तर तिथल्या पाण्याकडे पाहा.

आता एक दुपार. तिच्यापाशी बसणं सोपं नाही. तरी बसू.

12 फेब्रुवारी 1756. खाडीच्या मुखाशी ॲडमिरल वॉटसनची जहाजं आहेत. जमिनीवर उतरायला क्लाइव्हची फौज आहे. पलीकडे पेशव्यांचं सैन्यही आहे, तेही कान्होजींचे पुत्र तुळाजी आंग्रे यांच्या विरुद्ध. किल्ल्याच्या आसऱ्याला आंग्र्यांचं आरमार एकमेकांना बांधून उभं आहे.

एक गोळा 'रेस्टोरेशन' नावाच्या जहाजावर पडतो. ते मुळात इंग्रजांचंच, आंग्र्यांनी पूर्वी पकडलेलं. ते पेटतं. शेजारचं पेटतं. मग त्याच्या शेजारचं.

साग, राळ, तेल, काथ्या, शिडाचं कापड. ज्या ज्या गोष्टीने पाणी बाहेर ठेवलं होतं, ती ती जळते.

थांबा. ज्वाळांकडे बघू नका. खाडीच्या पाण्यावर पडलेला त्यांचा उजेड बघा.

दुसऱ्या दिवशी किल्ला पडला. यात चूक कुणाची, यावर मराठी माणसं अजून भांडतात. माझंही मत आहे: घरातलं भांडण कितीही मोठं असो, आपलं आरमार जाळायला परक्याला बोलावणं मला कधीच पटलेलं नाही. पण आज तो वाद बाहेर ठेवू. तुम्हीही ठेवा. उचलून नेता येईल नंतर.

फक्त एक गोष्ट मनात धरा. त्या रात्रीही या गोदीत भरती आली. कोळसे झालेली लाकडं आणि दोरांचे तुकडे पाण्याबरोबर आत आले असतील. पाण्याने त्यांनाही उचललं असेल आणि उतरताना ठेवलं असेल.

श्वास आत. बाहेर.

त्याच वर्षी किल्ला पेशव्यांकडे आला, बाणकोटच्या मोबदल्यात. विजयदुर्गावर पुन्हा आरमार उभं राहिलं, पुढे धुळपांच्या हाताखाली. 1783 च्या एप्रिलमध्ये आनंदराव धुळपांनी इंग्रजांचं 'रेंजर' जहाज पकडलं. 1818 नंतर इथे मराठ्यांचं जहाज उरलं नाही.

लढाया संपल्या. आता पावसाळा येऊ द्या.

आकाश काळं होतं. दर्या खवळण्याच्या आधीच, आठ-पंधरा दिवस राखून, जहाजं आत यायची. किल्ल्याच्या आसऱ्याच्या बंदरात. आज्ञापत्रात त्याचीही ताकीद आहे, आणि तिच्यात आणखी एक बारकावा: दरवर्षी छावणी एकाच बंदरात नको. आरमाराचा मुक्काम पडला की गावाला त्रास होतोच. म्हणून यंदा हे बंदर, पुढच्या वर्षी ते.

कल्पना करा. किनाऱ्यावर ओढलेली गलबतं, वर झापांचं छप्पर. त्यावर पडणारा पाऊस. तोफा झाकलेल्या. शिडं घडी घालून घरात. खलाशी शेतात गेलेले, चिखलात भाताची रोपं लावताहेत. समुद्राकडे कुणी बघत नाही.

आरमाराचे वर्षातले तीन-चार महिने असेच जायचे. पुस्तकांत ते येत नाहीत. तुम्ही त्यांत थोडा वेळ बसा. पाऊस ऐका. काही घडत नाही. नारळी पौर्णिमेला अजून अवकाश आहे.

काही घडत नाही.

अजून थोडं.

आता पाऊस जाऊ द्या. जहाज जाऊ द्या. सुताराला घरी जाऊ द्या. समोर परत तीच गोदी, तेच गढूळ पाणी, कडेपर्यंत चढलेलं. ते थांबलं आहे. अजून उतरू लागलेलं नाही.

पाय हलवा. बोटं हलवा. सावकाश उठा.

इथे खरोखर यायचं असेल तर तिथी बघून या. किनाऱ्यावरच्या माणसांचा हिशोब सोपा आहे: तिथीची पाऊणपट केली की भरतीचा तास मिळतो. अष्टमीला सहा, पौर्णिमेला अकरा वाजून गेल्यावर. त्याच्या सहा तासांनी सुकती. अमावास्या-पौर्णिमेला उधाण असतं, म्हणजे पाणी सर्वांत जास्त चढतं आणि सर्वांत जास्त उतरतंही. त्या दिवशी दुपारच्या आत या आणि पाचपर्यंत थांबा. गोदी भरलेली आणि रिकामी, दोन्ही दिसेल. पाणी बरोबर आणा. चिखलात उतरू नका, तो वरून वाटतो त्यापेक्षा खोल आहे. आणि दगड एकही उचलून नेऊ नका.