मृकंडूची सही

वैनगंगा दक्षिणेकडे वाहता वाहता आमच्या मार्कंड्यापाशी वळण घेते आणि काही अंतर उत्तरेकडे जाते. नदी उत्तरवाहिनी झाली म्हणून हे स्थान काशीसारखं मानलं जातं. पण आमच्या गावात वाढलेल्या पोराच्या मनात नदीच्या आधी एक आकडा बसतो : सोळा. मृकंडू ऋषी आणि मरुद्वतीला मूल नव्हतं. शिव प्रसन्न झाला आणि त्याने विचारलं, मंदबुद्धीचा पण खूप जगणारा मुलगा हवा, की गुणी पण सोळाच वर्षांचा? त्यांनी गुणी मागितला. सोळावं सरत आलं, यम पाश घेऊन आला, त्या मुलाने, मार्कंडेयाने, पिंडीला मिठी मारली. महाशिवरात्रीच्या जत्रेत ही गोष्ट ऐकतच आम्ही सगळे मोठे झालो.

यंदा माझ्या मुलीला सोळा पूर्ण झाली आणि तिने शिकाऊ लायसन्सचा अर्ज माझ्यासमोर ठेवला. अठराच्या आतल्या अर्जदाराला पालकाची लेखी संमती लागते. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तरीण आहे. दाखले, हजेरी, पोषण आहाराची नोंद, दिवसभर सह्याच करत असते. ही एक सही मात्र माझ्याकडून बरेच दिवस झाली नाही. "आई, तू सही करून राहिली का नाही, एवढं तरी सांग," असं ती रोज विचारायची. मला सांगता येत नव्हतं, कारण माझ्या लेखी तो आरटीओचा प्रश्न नव्हता. लेकराचं आयुष्य कुणाच्या हातात असतं, हा प्रश्न होता. ज्या गावात मी राहते तिथे तो टाळून पुढे जाता येत नाही.

आमच्याकडे मूल जन्मलं की सटवीची पूजा होते. रात्री कोरा कागद आणि पेन ठेवतात. सटवी येते, कपाळावर लिहून जाते, आणि ते लिहिलेलं पुसत नाही. मीही माझ्या मुलीच्या वेळी कागद ठेवला होता, श्रद्धेने ठेवला होता. त्या पूजेबद्दल माझं काही वाकडं म्हणणं नाही. नुकत्याच बाळंत झालेल्या बाईला त्या रात्री कुणीतरी आपल्यासोबत जागं आहे असं वाटतं, तेच पुष्कळ आहे. माझा झगडा त्या कागदाशी नाही, त्यावरून काढल्या जाणाऱ्या एका वाक्याशी आहे.

माझ्या हाताखाली चौथीपर्यंत शिकलेला एक मुलगा मोटारसायकलवर गेला. आमच्या झाडीपट्टीत दिवाळीनंतर शंकरपट, म्हणजे बैलांच्या शर्यती, आणि नाटकं सुरू होतात, नाटकं रात्रभर चालतात, आणि पहाटे गावोगावची पोरं एकेका गाडीवर तिघं बसून डोळ्यांत झोप घेऊन परततात. तोही तसाच परतत होता. लायसन्स नाही, हेल्मेट नाही. दहाव्याला नदीवर जमलो तेव्हा एक म्हातारे त्याच्या आईला म्हणाले, "माय, लेकराचं आयुष्यच तेवढं होतं. सटवीनं लिवलं ते कोन पुसते?" ती बाई त्या वाक्याला धरून बसली. तिच्याकडून ते काढून घ्यावं असं मला कधी वाटलं नाही, आजही वाटत नाही. तिला ती रात्र काढायची होती.

पण त्याच आठवड्यात त्याचे सोबती, तसेच तिघं, तसेच बोडके, माझ्या शाळेसमोरून गेले. थांबवलं तर त्यांनी तेच वाक्य मला ऐकवलं : "मॅडम, वेळ आली का कोनाले चुकते?" तेव्हा मला कळलं की हे वाक्य कुठल्या वेळी बोललं जातं यावर सगळं अवलंबून आहे. मृत्यूनंतर ते सांत्वन असतं. मृत्यूच्या आधी ते परवाना होतं. तो परवाना आम्हीच, वडीलधाऱ्यांनीच, घाटावर बसून पोरांच्या कानावर घातलेला असतो.

आता आमच्याच मार्कंड्याच्या देवळाची गोष्ट बघा. तिथे आकडा खरोखर ठरलेला आहे, तोही सटवीने नव्हे, प्रत्यक्ष शिवाने दिलेला. एवढा पक्का आकडा असूनही त्या गोष्टीतलं कुणीही "लिहिलंय ते होईल" म्हणून गप्प बसत नाही. कीर्तनात सगळे यमाच्या प्रसंगाकडे धावतात : पाश पडला, तो मुलासकट पिंडीवर पडला, पिंडीतून शिव प्रकटला. मी त्याच्या अलीकडे थांबते. सोळावं जवळ आलं तसे आईबाप खंगायला लागले, मुलाने कारण विचारलं, आणि त्यांनी सांगितलं. गोष्ट इथे वळते. त्याला सांगितलं नसतं तर त्या दिवशी तो कुठेतरी फुलं तोडत असता आणि पाश त्याच्या एकट्याच्या गळ्यात पडला असता. मृकंडूने सोळा वर्षं तो आकडा छातीत दाबून ठेवला, आणि शेवटी पोराच्या तोंडावर उच्चारला. सगळ्या तपश्चर्येपेक्षा मला हे कठीण वाटतं. मी स्वतः आई आहे म्हणून म्हणते.

आणि मिठी कुणी मारली? मुलाने. बापाने त्याच्या वतीने मारली नाही.

या दृष्टीने मोटार वाहन कायदा वाचला तर तो मला रुक्ष वाटत नाही. १९८८च्या या कायद्यात अठराच्या खाली सार्वजनिक रस्त्यावर गाडी चालवायला बंदी आहे. अपवाद एकच : सोळा पूर्ण झालेल्यांना ५० सीसीपर्यंतची दुचाकी चालवता येते. शिकाऊ लायसन्स सहा महिने चालतं, तीस दिवस झाल्याशिवाय पक्क्यासाठी जाता येत नाही, गाडीच्या पुढे-मागे पांढऱ्यावर लाल 'एल' लावायचा, आणि शिकवणाऱ्याखेरीज कुणालाही मागे बसवायचं नाही. २०१९मध्ये त्यात १९९-अ हे कलम आलं. अल्पवयीन मुलाने या कायद्याखालचा गुन्हा केला तर पालक किंवा गाडीचा मालक दोषी धरला जातो : तीन वर्षांपर्यंत कैद, २५,००० रुपये दंड, गाडीची नोंदणी बारा महिने रद्द, आणि त्या मुलाला पंचविशीपर्यंत शिकाऊ लायसन्सही नाही. मला ठाऊक नव्हतं, किंवा मी पुरती काळजी घेतली होती, हे सिद्ध करायची जबाबदारी पालकावर.

गावात या कलमाला लोक नावं ठेवतात. मला ते धर्माला धरून वाटतं. मुलगा गेला तर नशीब, आणि मुलाने दुसऱ्याला उडवलं तर तेही नशीब, असं म्हणायची सोय ते ठेवत नाही. किल्ली कुणी दिली, ते आधी सांग, म्हणतं.

अडचण वेगळीच आहे, आणि ती मोठी आहे. ५० सीसीची नवी गाडी आज शोरूममध्ये मिळत नाही. पोरंपोरी चालवतात त्या स्कूटी शंभर-सव्वाशे सीसीच्या. म्हणजे सोळाव्या वर्षी कायद्याने जे हातात ठेवलं, ते बाजारात नाही, आणि बाजारात जे आहे, ते कायद्यात बसत नाही. मग आईबाप काय करतात? सोळाव्याला लायसन्स काढून देतात आणि हातात सव्वाशेची गाडी देतात. कागद आहे ना, म्हणतात. तो कागद त्या गाडीचा नाही हे त्यांनाही कळतं. मला ही सही खोटी वाटते, आणि खोट्या सहीवर मुलाला रस्त्यावर सोडणं हे न सांगितलेल्या आकड्यासारखंच आहे.

नाही म्हणून मोकळं होणं सोपं होतं. पण त्यालाही किंमत आहे, आणि आमच्या भागात ती मुलींनी मोजली आहे. मानव विकासची निळी बस आणि सायकली आल्या तेव्हा कुठे खेड्यातल्या मुली आठवीच्या पुढे टिकायला लागल्या. माझी मुलगी चामोर्शीला अकरावीत आहे. प्रॅक्टिकल लांबलं की बस जाते, मग कुणाची तरी वाट बघत थांबायचं. जी मुलगी स्वतःच्या चाकावर जाते तिला कुणाची वाट बघावी लागत नाही. हे मी शिक्षिका म्हणून वर्गात सांगत आले, आता घरात वेगळं कसं बोलू?

अशा वेळी मला दशरथ आठवतो. विश्वामित्र रामाला न्यायला आला तेव्हा दशरथाने पहिलं कारण वयाचंच दिलं : अजून सोळाचाही झालेला नाही. मी स्वतः सैन्य घेऊन येतो, पण पोराला नेऊ नका. कुठल्याही बापाचं बोलणं आहे ते. वसिष्ठाने त्याची समजूत घातली, आणि राम गेला. पण एकटा गेला नाही. सोबत लक्ष्मण होता, पुढे विश्वामित्र, आणि राक्षस भेटण्याआधी वाटेवरच त्याला बला-अतिबला या विद्या मिळाल्या. योगवासिष्ठ हा एवढा थोरला ग्रंथ नेमका याच क्षणी घडतो हे फार कमी लोक ध्यानात घेतात. सोळाच्या आतला खिन्न मुलगा समोर बसला आहे, आणि वसिष्ठ त्याला पहिल्यांदा काय सांगतात? दैव म्हणून वेगळं काही नाही, ती आधीच्या प्रयत्नाचीच शिल्लक आहे; जुना प्रयत्न आणि आजचा प्रयत्न एडक्यांसारखे टकरा घेतात, जोरकस असेल तो जिंकतो. मोक्षाच्या गोष्टी पुढे येतात. पोराला घराबाहेर धाडण्यापूर्वी ऋषींना हे सांगणं जरूर वाटलं.

इथे कुणी मला अडवेल, आणि अडवावंच. ज्यांनी हेल्मेट घातलं, जे सावकाश गेले, तेही गेलेत. चामोर्शी-आष्टी रस्त्यावर सूरजागडच्या पहाडाचं लोहखनिज घेऊन हायवा ट्रकांची रांग चालते, तिथे शहाणपण एकट्याने पुरत नाही. मग त्यांनी पिंडीला मिठी मारली नव्हती का? याचं उत्तर माझ्यापाशी नाही, आणि देवळातल्या गोष्टीतही नाही. उलट ती गोष्ट इथे फार प्रामाणिक आहे. शिवाने यमाला लाथेने लोळवलं, पण पुढे कुणी मरेना, पृथ्वीला भार झाला, देव विनवायला आले, आणि यमाला पुन्हा उठवावं लागलं. तो आपल्या कामावर परतला. आमच्या देवळाने मृत्यू संपल्याचं कधीच सांगितलेलं नाही. एका मुलाने त्याच्या दिवशी हात सोडला नाही, एवढंच सांगितलं. माझी श्रद्धा तेवढ्यावर आहे, आणि ती कमी आहे असं मला वाटत नाही.

मार्कंडेयाला मिळालेला वरही मला माझ्या लेकीसाठी नको. तो कायमचा सोळाचा राहिला. महाभारताच्या वनपर्वात तो पांडवांना प्रलय सांगतो : सगळं बुडालेलं, कुणी उरलेलं नाही, हा एकटा पाण्यावर भटकतो आहे. मला ती सतराची, अठराची व्हायला हवी, तिशीची, केस पिकलेली, माझ्यावर चिडून बोलणारी बाई व्हायला हवी. घाटावर अस्थी घेऊन येणाऱ्या प्रत्येक आईबापाने याहून जास्त काही मागितलं नसावं.

माझ्या वडिलांची जुनी लूना अजून पडवीत होती, ५० सीसीची. त्यांनी मोपेडचं लायसन्स चंद्रपूरला जाऊन काढलं होतं. २६ ऑगस्ट १९८२ला गडचिरोली जिल्हा वेगळा झाला, त्याआधीची गोष्ट. चामोर्शीच्या मिस्त्रीने ती उघडली, कार्बोरेटर साफ केला, नोंदणीचं नूतनीकरण झालं. मग मी मुलीला बसवून जे सांगायचं ते सांगितलं. त्या मुलाचं सांगितलं, नाव घेऊन, कुठे पडला आणि डॉक्टर काय म्हणाले ते सगळं. मी घाबरले आहे हेही सांगितलं. अर्जासोबतच्या प्रकृतीच्या घोषणापत्रात फीट येते का, दिसतं का असे प्रश्न असतात. ते तिने स्वतः वाचले, स्वतः उत्तरं लिहिली. मग मी पालकाच्या जागी सही केली.

अटी ठरल्या. हेल्मेट आयएसआयचं, गावात दुकानापर्यंत गेलं तरी. मागे मी किंवा तिचे बाबा, पक्कं होईपर्यंत. मार्कंडा ते चामोर्शी एवढाच रस्ता, आष्टीकडे नाही. अठराच्या आत कुणाच्या स्कूटीला हात नाही. हे सगळं तिने कबूल केलं. नाटकाला रात्री गाडी न्यायची नाही, हे मात्र ती ऐकायला तयार नाही. "पक्कं लायसन्स झाल्यावर का नाही? अन् मी झोपून थोडीच चालवते?" म्हणते. मी तिला पहाटे दहिवर पडल्यावर डांबर कसं सुटतं ते सांगते, ती मला तिच्या मैत्रिणीच्या घरी मुक्काम करून सकाळी उजाडल्यावर निघायचा मार्ग सांगते. तो वाईट नाही. पण मैत्रिणीच्या घरच्यांशी मी अजून बोललेले नाही, आणि नाटकं सुरू व्हायला फार दिवस उरलेले नाहीत.